सीमेवर हॅसलसाहेब

लँबर्ट हॅसल क्रिकेटच्या मैदानात सीमेच्या दोराजवळ उभे होते आणि त्यांच्या पाठीशी अर्धंअधिक वेनबरी गाव जमलं होतं. खेळाकडे कुणाचंच लक्ष नव्हतं. शेजारच्या गावातली बँक बुडाल्याची बातमी सकाळच्या गाडीने आली होती, आणि वेनबरीत बँक एकच. हॅसलसाहेबांची. शनिवार म्हणून ती दुपारी बंद झाली, तशी दारातली माणसं सरळ मैदानावर आली.

"साहेब, माझे चाळीस पौंड आहेत तुमच्याकडे," दूधवाल्या गॅमनबाई दोरावर वाकून म्हणाल्या.

"बेचाळीस, बाई. व्याज विसरलात," मागे न वळता हॅसल म्हणाले.

"पण आहेत ना?"

"आहेत."

"बुडाला तोही परवापर्यंत हेच सांगत होता!" ओबेद खाटीक ओरडला. "आमचा जीव टांगणीला लागलाय, आणि हे बघा, पांढरी विजार घालून चेंडू अडवतायत!"

माणसं हसली, पण त्या हसण्यात हसू नव्हतं. हॅसलच्या मानेवरून घाम ओघळला. पैसा होता. पण सगळेच एकदम दारात आले तर तग धरील अशी बँक पृथ्वीच्या पाठीवर नाही, हे त्यांच्याइतकं कोण जाणत होतं? भागीदाराने सकाळी हात जोडून सांगितलं होतं, आज घराबाहेर पडू नका. पण बावन्नाव्या वर्षीही दर शनिवारी खेळणारा माणूस नेमका आजच दिसला नाही, तर गाव काय समजायचं ते समजलं असतं.

कर्णधार डॉक्टर फॅरो धावत आले. "हॅसल, तुम्ही आत या, माझ्याजवळ उभे राहा. इथे फाडून खातील तुम्हाला."

"मी इथेच बरा आहे."

"अहो, त्यांची शेवटची जोडी आहे. तीन धावा हव्यात फक्त. आणि तुमचं चित्त थाऱ्यावर नाही!"

"चित्ताचं मी बघतो. तुम्ही गोलंदाजाचं बघा."

डॉक्टर पुटपुटत परत गेले. समोर फलंदाज होता शेजारच्या गावचा लोहार. त्याने पुढचाच चेंडू घणाचा घाव घालावा तसा हाणला. चेंडू आभाळात गेला, उंच, आणि हॅसलच्या डावीकडे कलला. वीसेक पावलं तरी दूर.

ते धावले. दोराला लागून, मान वर करून. डोळ्यांत ऊन घुसत होतं. हा चेंडू सुटला तर त्याच्यामागून काय काय सुटेल, हे त्यांना धावतानाही कळत होतं. दोराच्या आत पाय पसरून बसलेली माणसं वाटेत होती, टोपल्या होत्या, कुणाचा तरी कुत्रा होता.

"सरका रे मेल्यांनो!" गॅमनबाई किंचाळल्या. "साहेबांना वाट द्या!"

पाय आवरले गेले. टोपल्या ओढल्या गेल्या. ओबेदने कुत्र्याला मानगुटीला धरून उचललं. त्या मोकळ्या झालेल्या जागेत हॅसलनी अंग झोकून दिलं आणि चेंडू दोन्ही तळव्यांत येऊन आदळला. करंगळीत काहीतरी कडकन मोडलं. ते गवतावर घसरत गेले, उताणे झाले, आणि तसेच पडल्या पडल्या त्यांनी हात वर केला. चेंडू हातात होता.

मग ओबेदने हातातला कुत्रा सोडला, दोर ओलांडला आणि साहेबांना पोत्यासारखं उचलून खांद्यावर घेतलं. मैदानभर टोप्या उडाल्या. लोहार स्वतः येऊन हात मिळवून गेला.

खांद्यावरूनच हॅसलनी आवाज चढवला. "मंडळी! सोमवारी नऊच्या ठोक्याला बँक उघडेल. ज्याला पैसे हवेत त्याने यावं. शेवटच्या माणसापर्यंत मी स्वतः देईन."

गोंगाट थोडा थांबला. सगळे गॅमनबाईंकडे बघू लागले. बाईंनी कपाळावर हात धरून आभाळ न्याहाळलं.

"सोमवारी?" त्या म्हणाल्या. "उन्हं चांगली पडलीयेत, गवत कापायला आलंय. कुणाला वेळ आहे!"