छडीवाल्याची भूमिका

मुलांनो, कल्पना करा, तुमच्या गावात एक नट राहतो. चाळीस वर्षं जर्मन सिनेमांत त्याने फक्त खुनी, दरोडेखोर आणि क्रूर जेलर रंगवले, म्हणून पावाच्या दुकानात बायका आपली पोरं त्याच्यापासून लांब ओढतात. असे आमचे हार्टविग लोबेल.

सहा डिसेंबरला शाळेत संत निकोलस येतो आणि जाड वहीतून मुलांचे गुणदोष वाचतो. सोबत केसाळ कोटातला, द्वाड मुलांना धाक दाखवणारा छडीवाला रुपरेख्ट असतो. यंदा संताचं सोंग घेतलं नगराध्यक्षांनी. निवडणुकीच्या फलकावरचं हसू ते घरीही उतरवत नाहीत. रुपरेख्ट कोण, हे कुणी विचारलंसुद्धा नाही.

"लोबेल, तुम्हाला तर रंग फासायचीही गरज नाही!" नगराध्यक्ष म्हणाले, आणि गावातली शहाणीसुरती माणसं खिदळली.

सहा तारखेला शाळेच्या सभागृहात संतांनी सहा वर्षांच्या रोस्विटाला पुढे बोलावलं आणि तिच्या आईने दिलेली चिठ्ठी मोठ्याने वाचली.

"आपली रोस्विटा अजून गादी ओली करते, बरं का!"

सभागृह हसलं. आईसुद्धा हसली.

"रुपरेख्ट, उगार ती छडी! बघतोस काय?"

लोबेल छडी खाली धरून तसेच उभे राहिले. एवढ्या माणसांत ते एकटेच हसत नव्हते.

रोस्विटाने आईकडे पाहिलं. मग संतांकडे पाहिलं.

आणि धावत जाऊन ती रुपरेख्टच्या केसाळ कोटात लपली.