रेनीचं पान चुकलं

“हेच ना तुझं पान?” रेनीनं इस्पिकची राणी टेबलावर सरळ करून ठेवली.

गार्थ मलॉय खुर्चीत मागे रेलून असा हसला की शेजारच्या टेबलांवरचे लोकही वळले. “परत चुकलं! अगं, तुला जादू दाखवायला बोलावलंय की पत्त्यांवरची धूळ पुसायला?”

ऑस्ट्रेलियातल्या मकाय शहरातल्या बोल्स क्लबात शुक्रवारी संध्याकाळी जेवायला येणाऱ्यांना रेनी टॅप्सेल नवी नव्हती. टेबलाटेबलावर जायचं, माणसांच्या नाकासमोर, वीतभर अंतरावरून हातचलाखी करायची, यात तिची हयात गेली होती. तिचं पान चुकलेलं कुणी पाहिलं नव्हतं. आज दुसऱ्यांदा चुकलं.

गार्थची बायको लीन त्याला खेटून बसली होती. फेब्रुवारीचा उकाडा, आणि हिच्या बाह्या मनगटापर्यंत. रेनीनं पत्ते आधी तिच्यापुढेच पसरले होते, पण पान ओढलं गार्थनं.

“तिला काय विचारतेस? तिला स्वतःचं जेवणसुद्धा ठरवता येत नाही.”

त्याचे मित्र खिदळले. लीन ताटातल्या माशाकडे बघत राहिली.

रेनीच्या कानशिलाची शीर थडथडत होती. अख्खा कॅट या माणसाच्या थोबाडावर भिरकावावा, असं तिला वाटत होतं. तिनं दात आवळले आणि पत्ते पिसायला घेतले.

“मी जरा तोंड धुऊन येते,” लीन पुटपुटली.

“फोन ठेव इथे. आणि लगेच ये.”

फोन टेबलावर ठेवून ती उठली.

“गार्थ, अजून एक संधी दे,” रेनी म्हणाली. “या वेळी चुकले तर या क्लबात परत पाऊल टाकणार नाही.”

“ऐकलंत का रे? या, या सगळे! आजीबाईंची शेवटची जादू!”

हातात ग्लास घेऊन माणसं भोवती जमली. गार्थनं पान ओढलं, सगळ्यांना दाखवलं, परत कॅटात खुपसलं. मग तो मान उंचावून बाथरूमच्या बाजूला वळू लागला. तेवढ्यात रेनीच्या हातून कॅट सुटला आणि पत्ते फरशीभर पसरले.

“अरेरे! उचल, उचल. घाई नाही आम्हाला.”

रेनी गुडघ्यांवर बसून एकेक पान वेचू लागली. एक पान गार्थच्या बुटाखाली होतं. तिनं ते ओढलं, तसा त्यानं बूट आणखी दाबून धरला. पान फाटलं. हशा पिकला.

ती उठली. कपाळावरचा घाम पुसला. “चौकट नव्वी.”

“किलवर तिर्री!” गार्थ ओरडला आणि सगळ्या घोळक्यानं टाळ्या पिटल्या.

क्लबचा मॅनेजर कॉल ब्रेडी बारमागून तरातरा आला. “बस झालं, रेनी. सामान आवर. पुढच्या शुक्रवारी येऊ नकोस.”

“थांब,” गार्थ म्हणाला. “आधी सॉरी म्हणू दे तिला. मोठ्यानं.”

रेनीनं त्याच्या डोळ्यांत रोखून पाहिलं.

“सॉरी,” ती म्हणाली. शब्द थुंकल्यासारखा बाहेर पडला.

गाडीत बसल्यावरही संतापानं तिला किल्ली लावता येईना. फोन वाजला. तिची बहीण जॉय होती.

“निघालात?” रेनीनं विचारलं.

“कधीच. हायवेला लागलोय. लीन मागे बसलीय, पोरांना कवटाळून. मागच्या दारानं निघताना त्यानं तिला पाहिलं तर नाही ना गं?”

“नाही,” रेनी म्हणाली. “त्याची नजर माझ्या हातांवरून हललीच नाही.”