मगरीची भावकी

वाळूखालून चिरका आवाज आला, तशी मगर घरटं उकरू लागली. वीस कोटी वर्षांपूर्वी नामशेष झालेल्या प्राण्याचं, प्रयोगशाळेत घडवलेलं शेवटचं अंडं त्यात पुरलं होतं.

"मॅडम, ती आपलं म्हणेल का हो त्याला?" तलाव सांभाळणाऱ्या तांडेलांनी विचारलं.

"म्हणणारच. मगरीच्या भावकीतलंच आहे ते. वर्गीकरण मीच केलंय," डॉ. मृदुला खोत म्हणाल्या.

मगरीनं ते काटकुळ्या, लांब पायांचं पिल्लू अलगद जबड्यात धरलं. मृदुलाबाईंचे डोळे भरून आले.

मग आपल्या सगळ्याच पिल्लांना नेते तशी ती त्यालाही घेऊन खोल पाण्यात उतरली.

"याला पोहता येतं ना?" तांडेलांनी विचारलं.

मृदुलाबाईंना आत्ता आठवलं. भावकीतली ही शाखा कोरड्या जमिनीवर धावणारी होती.

तळ्याच्या मधोमध मगर जबडा उघडून त्याच्या पोहण्याची वाट बघत होती.