मास्टरजींची चाल

सुमंत वैरागडे सकाळपासून तिसऱ्यांदा फाटकापर्यंत जाऊन परत आले.

"आजोबा, कावून फिरून राहिले एवढे? बसा ना," नात उत्कर्षा म्हणाली. "घाबरायचं तर त्यानं."

तो म्हणजे वासिल तरासेन्को, युक्रेनचा नामवंत चित्रपट-संगीतकार. त्याचे वडील भिलाईच्या कारखान्यात इंजिनिअर होते. वासिल इथंच जन्मला, आठ वर्षांचा होईपर्यंत इथंच वाढला. त्याला पेटी शिकवली सुमंतरावांनी. आता त्याच्या कारकिर्दीवर माहितीपट निघत होता, आणि कॅमेरावाल्यांना घेऊन तो आज भिलाईतल्या रुआबांध्याला, सुमंतरावांच्या घरी येणार होता.

चार वर्षांपूर्वी उत्कर्षानं मोबाईलवर त्याचा पहिला गाजलेला चित्रपट लावला, तेव्हा घरातले सगळे चमकले. सुरुवातीचं संगीत म्हणजे आजोबांचीच चाल. सदुसष्ट साली कारखान्याच्या वार्षिकोत्सवात ती वाजवून त्यांनी पहिलं बक्षीस मिळवलं होतं. साहेब खूश झाले, क्लार्कची नोकरी लागली, भिलाईभर लोक 'मास्टरजी' म्हणू लागले.

उत्कर्षानं नोटेशनची जुनी वही काढून ठेवली होती. "कॅमेऱ्यासमोर दाखवायची. छोड़ना नहीं है उसको."

"राहू दे वो बाई. झालं ते झालं."

"तुमी दरवेळी राहू देच म्हणता!"

सुमंतरावांनी पाण्याचा गिलास उचलला आणि तसाच खाली ठेवला.

दुपारी गाडी आली. पांढऱ्या केसांचा उंच माणूस उतरला आणि कुणी काही बोलायच्या आत त्यानं सुमंतरावांचे पाय धरले. लहानपणची मोडकी हिंदी त्याला अजून येत होती.

"मास्टरजी, मैं चोर हूँ."

कॅमेरा चालू झाला. वासिल सांगत गेला. हिंदी अडली की इंग्रजीत बोलायचा, उत्कर्षा आजोबांना समजावून द्यायची. पहिल्या चित्रपटाच्या वेळी त्याला काहीच सुचत नव्हतं. शेवटी मास्टरजींनी शिकवलेली चाल त्यानं स्वतःच्या नावावर दिली. पुढचे चाळीस चित्रपट त्या एका चालीमुळं मिळाले.

"आता त्या चालीवर तुमचं नाव लागेल," त्यानं कागद पुढं केला. "फक्त सही करा."

उत्कर्षाच्या हातातली वही हळूच टेबलावर गेली. तिचे डोळे भरून आले होते.

"मी वर्षाचा असताना आई इथंच वारली," वासिल म्हणाला. "फोटो आहे तिचा, पण आवाज कुठंच नाही. माझं पहिलं गाणं तुम्हीच मला दिलं."

सुमंतरावांनी पेन उघडलं. कागदावरचं आपलं नाव वाचलं. मग पेन बंद केलं.

"उत्कर्षा, मले याच्याकडं पाहून बोलता येत नाही. तू सांग याले. ते चाल माही नोहे, म्या उचलली. याच्या मायले पेटी शिकवाले जात होतो मी. हा पाळण्यात असे, अन् याची माय याले झोपवताना हेच गाये."