पाहा: केशरचना

लेखिका आली होती शिवणयंत्रांच्या पुस्तकासाठी चित्रं शोधायला, पण शोधत होती आईला. बाळंतपणातच गेलेल्या आईचा मशीनवरचा एकमेव फोटो पेपरात छापून आला होता, असं बाबा सांगायचे. ग्रंथालयातला चित्रसंग्रह सांभाळणाऱ्या काकांनी ‘शिवणयंत्रे’ पाकीट उघडलं. एका कात्रणात नुसते हात होते. करंगळी वाकडी, थेट तिच्यासारखी. “चेहरा कुठंय?” “आमचे जुने साहेब चित्रं विषयवार कापून ठेवायचे. एकदा काय झालं…” “काका, आख्यान नंतर.” काकांनी कात्रण उलटलं. मागे पेन्सिलीनं लिहिलं होतं, ‘पाहा: केशरचना’. ते पाकीट आलं. सातव्या कात्रणाची कड हातांच्या कडेला तंतोतंत जुळली. आई हसत होती. काकांनी डिंकाची बाटली पुढे सरकवली, कोरं पाकीट घेतलं. “विषय काय लिहू, ताई?” “‘आई’ लिहा.” मग तिनं पेन्सिल मागून घेतली आणि चित्रामागे स्वतः लिहिलं, ‘पाहा: लेक’.