चुलीच्या देवाची साक्ष

व्यापारी फांग यांचा जेडचा पेला चोरीला गेला. त्यांच्या पुतण्यानं आळ घेतला तो म्हाताऱ्या आचाऱ्यावर. कबुलीसाठी बांबूचे फटके ठरले, तेवढ्यात न्यायाधीश वेईंनी फांगांच्या स्वयंपाकघरातलं चुलीच्या देवाचं चित्र मागवलं आणि त्याच्या तोंडाला कान लावला.

“देवानं चोर पाहिलाय म्हणे. पण नाव आज संध्याकाळी घराचा वर्षाचा हिशेब द्यायला स्वर्गात गेल्यावरच सांगणार. चला, दरवर्षीसारखा निरोप द्या त्याला.”

वर जाऊन त्यानं घराबद्दल गोडच बोलावं, म्हणून रिवाजाप्रमाणे एकेकानं त्याच्या ओठांना जवाचा चिकट पाक लावला. आचाऱ्यानं नुसतं बोट टेकवलं. पुतण्यानं अख्खी वाटी फासली.

“अरे बाबा,” वेई म्हणाले, “देवाचं तोंड पुढच्या वर्षीसुद्धा उघडायचं नाही! असं काय सांगू नये त्यानं?”

पुतण्यानं चोरी कबूल केली. आचारी सुटला.

संध्याकाळी घरच्या चुलीपुढे पाक लावताना वेईंचा हात थांबेना. बायको म्हणाली, “अहो, पुरे! मिशा बुडाल्या देवाच्या. तुम्ही काय चोरलंत?”

“चोरी नाही गं. दुपारी तो माझ्या कानात काहीच बोलला नव्हता.”