दाराशी नाव सांगा

"दारं लावा. खेळ संपला की एकेकानं नाव-गाव सांगायचं, बाह्या झटकायच्या आणि मगच बाहेर पडायचं," फौजदार किताझुमे म्हणाला आणि आसाकुसा वस्तीतल्या त्या सिनेमा थिएटरात पोलिसांसाठी राखलेल्या खुर्चीत ऐसपैस बसला.

चहावाली ओतोमी किटली खाली ठेवून पुढे आली. गिरणीमालकाच्या तिजोरीतून काल संपवाल्या पोरींची यादी चोरीला गेली होती. गिरणीत पोरी रक्त ओकत होत्या तेव्हा मालकाची झोप उडाली नाही, कागद गेल्यावर उडाली. यादी एकच होती, आज पोलिसांकडे जायची होती. ती सापडली की साठ पोरी तुरुंगात. त्यांत ओतोमीची लेक मित्सुएही.

"साहेब, चोर इथं कशाला मरायला येईल?"

"तिजोरीपाशी तुमच्याच खेळाची जाहिरात पडली होती, मावशी. सिनेमाही सभ्य चोराचा. स्वतःचं कौतुक कोण चुकवतं?"

"पण ओळखणार कसं?"

"तोतरा आहे. पहारेकऱ्याला बांधलं आणि वर वाकून म्हणतो, मा-मा-माफ करा."

अंधार झाला. पडद्याशेजारी बेन्शी सेइगाकू उभा राहिला. चित्र मुकं, बोलणार हा. चोर, पोलीस, नायिका, सगळ्यांचे आवाज त्याच्या एकट्याच्या गळ्यात. चोर कौलांवरून निसटला तेव्हा शिट्ट्या पडल्या. फौजदारसुद्धा मांडीवरची सरकारमान्य संहिता त्याच्या बोलण्याशी ताडून बघायचं विसरला.

एरवी मात्र सेइगाकू घसा जपायचा. सात वर्षं ओतोमी त्याला खेळानंतर कच्चं अंडं नेऊन देत होती. तो नुसती मान लववायचा. माज आहे मेल्याला, असं तिचं मत.

दाराशी चारशे माणसं नाव सांगून गेली. अडखळला एकच, सत्तरीचा लंगडा तोफूवाला.

"सो-सोडा साहेब, मु-मुतायला झालंय."

"जा आजोबा."

"आमच्या सेइगाकूंनाही विचारायचं का?" थिएटरच्या मालकानं विचारलं.

"दोन तास ऐकलं की त्याला. एकदा तरी जीभ अडली?" फौजदार टोपी आपटत निघून गेला.

ओतोमी अंडं घेऊन मागच्या खोलीत गेली. सेइगाकू शेगडीपाशी बसला होता. त्यानं बाहीतून घडी केलेला कागद काढून तिच्या हातात ठेवला. साठ नावं होती. शेगडी तिच्याकडे सरकवून तो कमरेत वाकला.

"मि-मि-मित्सुएचं ना-नाव आधी जाळा, मावशी."